एका श्वासात न मावणारी ओळ

असं समजा, की तुमच्या गळ्यात झेंडूचा हार आहे, हातात नारळ आहे आणि खिडकीबाहेरच्या मंडपात आठशे माणसं तुमचं गाणं ऐकायला जमली आहेत. आता असंही समजा, की तुम्हाला आवाज नाही. बसलेला नाही, नाहीच. तोंड उघडलं की सायकलच्या ट्यूबमधून हवा निघाल्यासारखं काहीतरी येतं. नारळ मात्र चांगला मोठा आहे.

एवढं समजलात तर पुढचं सोपं आहे. ते मी सांगते.

साल अठ्ठ्याण्णव, महिना जानेवारी, गाव विटा. शाळेचं स्नेहसंमेलन दुपारी तीनला सुरू होणार होतं आणि मी दोनलाच पोचले होते. तेव्हा माझं नाव वेदा होतं. घरचं नाव वत्सला, पण वत्सला नावाच्या मुलीने पॉप गाणी म्हटली तर लोक घेतील असं कॅसेट कंपनीच्या शहासाहेबांना वाटेना. म्हणून कॅसेटवर नुसतं 'वेदा' आणि खाली माझा काळा चष्मा लावलेला फोटो. 'गच्चीवर ये ना' हे माझं गाणं दोन वर्षं रिक्षात, लग्नात, पिठाच्या गिरणीत, सगळीकडे वाजत होतं. मला स्वतःलाच त्याचा कंटाळा आला होता.

तीन आठवड्यांपूर्वी पुण्याच्या डॉक्टरांनी माझ्या घशात नळी घालून पाहिलं होतं. आवाजाच्या पडद्यांवर गाठी होत्या.

"चार महिने बोलायचं नाही," ते म्हणाले. "कुजबुजायचंसुद्धा नाही."

"मग आवाज येईल?" मी कुजबुजले.

"येईल, किंवा येणार नाही," ते म्हणाले. डॉक्टर फार स्पष्ट बोलायचे.

शहासाहेबांना कळलं तेव्हा त्यांनी दार लावून घेतलं. "हे कुणाला सांगायचं नाही. पाडव्याला दुसरी कॅसेट येतेय. आवाज गेलेल्या गायिकेची कॅसेट दुकानात कोण ठेवील? विट्याला जा, एक गाणं म्हण आणि ये. रद्द केलंस तर लोक कारण विचारतील."

"म्हणू कशाने?"

"ते तू बघ," ते म्हणाले.

माझ्याकडे एक युक्ती होती. स्टेजवर कडव्यातली अवघड ओळ आली, की मी माइक लोकांसमोर धरायचे आणि "म्हणा!" म्हणायचे. लोक आनंदाने म्हणायचे. लोकांना वाटायचं, वेदाचं आपल्यावर किती प्रेम आहे. तर आज सगळं गाणंच लोकांकडून म्हणवून घ्यायचं, असा बेत करून मी निघाले. कऱ्हाडपर्यंत थोडा आवाज होता. कऱ्हाडच्या पुढे तोही गेला.

मुख्याध्यापक जंगम सरांनी मला फाटकातच हार घातला. "ताई, तुम्हाला कसलाच त्रास नाही," ते म्हणाले. "सुरुवात आमची रुबिना आतार करणार. चौथीतली मुलगी आहे. कडवं आलं की ती बाजूला सरकेल आणि तुम्ही माइक हातात घ्यायचा. पोरीला कडवं झेपत नाही. आणि लोकांना काही माहीत नाही बरं का, सगळं गुपित आहे!"

गुपित आठ दिवस रिक्षाला भोंगा बांधून गावभर सांगितलेलं होतं. येताना मीही ऐकलं.

मी मान डोलावली.

"घसा जरा धरलाय वाटतं?"

मी पुन्हा मान डोलावली. सरांनी हळदीचं दूध मागवलं. तीन वेगवेगळ्या लोकांना सांगितल्यामुळे तीन पेले आले. मग मला भूगोलाच्या खोलीत बसवून ते मंडपाकडे गेले.

खोलीत भिंतीभर नकाशे होते आणि एका कोपऱ्यात, पृथ्वीच्या गोलाला टेकून, एक मुलगी जमिनीवर बसली होती. चमकीचा फ्रॉक, दोन घट्ट वेण्या, गालाला पावडर. डोळे मिटून ती छाती फुगवत होती आणि सोडत होती. फुगवत होती आणि सोडत होती.

"काय करतेस?" मी विचारलं. म्हणजे हवा सोडली.

तिने डोळे उघडले. "छाती मोठी करत्येय."

"कशाला?"

"ओळीसाठी. गुरुजी म्हणाले तुझी छाती बारकी हाय, त्यात ही ओळ मावायची न्हाई. पंधरा दिवस झाले. पहाटं उठून करत्येय. आमचा अब्बा म्हणतो पोरगी बेडूक व्हनार." ती माझ्याकडे बघत राहिली. "तुमी वेदाताई? फोटोत लई गोऱ्या हाय."

"चष्म्यामुळे," मी म्हणाले.

"तुमचा आवाज कुठाय?"

जंगम सरांनी घसा विचारला होता. आवाज कुठे आहे हे त्या दिवशी पहिल्यांदाच कुणीतरी विचारलं. खोटं सांगण्याइतका श्वास माझ्याकडे नव्हता.

"गेलाय."

"कधी येनार?"

"माहीत नाही. कुणाला सांगू नकोस."

तिने यावर विचार केला. "पण कडवं तर तुमाला म्हनायचंय."

"तू म्हण."

"मला येत न्हाई की!" तिच्या डोळ्यांत पाणी आलं, पण पावडर भिजेल म्हणून तिने ते तिथेच थांबवलं. "मला आलं असतं तर मी कशाला बाजूला झाले असते? मला पूर्ण गानं म्हनायचं होतं. गुरुजी म्हणाले, कॅसेट ऐक, बाई कशा एका दमात म्हणतात ते ऐक."

ती ओळ तुम्हाला सांगायला हवी. आमचे गीतकार फार विद्वान होते. त्यांनी आयुष्यात कधी शीळसुद्धा घातली नव्हती. त्यांनी कडव्यात लिहिलं होतं: 'निळ्या निळ्या आभाळाच्या काठाकाठाने फिरणाऱ्या पाखरांच्या थव्यामधुनी मिरवीन मी'. मध्ये श्वासाला जागा नाही. शेवटच्या 'मी'वर चाल सगळ्यात वर जायची आणि तिथे आठ मात्रा उभं राहायचं. तुम्ही आत्ता म्हणून बघा. म्हटलंत? मग कळलं असेल.

बाहेर ढोलकी ठोकून बघण्याचा आवाज येत होता. अडीच वाजले होते.

"रुबिना," मी म्हणाले, "ती ओळ मलाही एका श्वासात येत नाही."

"कॅसेटमध्ये येती की."

"कॅसेटमध्ये पहिला अर्धा भाग मी सोमवारी म्हटला आणि दुसरा अर्धा मंगळवारी. मग रेकॉर्डिंगवाल्यांनी दोन्ही जोडले."

ती पृथ्वीला धरून उठून उभी राहिली. "म्हंजे शिवलंय?"

"शिवलंय."

"आन् स्टेजवर?"

"स्टेजवर मी माइक लोकांपुढे धरते. आठशे माणसं म्हणतात. एक जण श्वास घेतो तेव्हा दुसरा म्हणत असतो."

"म्हंजे तुमी फसवता."

"हो."

"समद्यांना?"

"आतापर्यंत समद्यांना."

तिने सावकाश श्वास सोडला. मला वाटलं, आता ही रडेल किंवा सरांकडे जाईल. ती म्हणाली, "म्हंजे माझी छाती बारकी न्हाई?"

"छाती बरोबर आहे. ओळ चुकलीय."

हे मी त्याआधी कधीही, कुणाहीजवळ बोलले नव्हते. दोन वर्षं मलाही वाटत होतं, की छाती माझीच बारकी.

"मग दुरुस्त करा की," रुबिना म्हणाली.

मी तिच्याकडे पाहिलं. मी गाणारी होते. ओळी मला टाइप करून मिळायच्या. त्या दुरुस्त करायच्या असतात, हे कुणी मला सांगितलं नव्हतं. पण पर्यायही नव्हता. मी फळ्याजवळचा खडू घेतला.

"आधी तुझा श्वास किती आहे ते बघू. नकाशावरचे जिल्हे वाचता येतात?"

"येत्यात."

"खालून सुरू कर. एका श्वासात जितके होतील तितके."

तिने श्वास भरला. "सिंधुदुर्ग रत्नागिरी रायगड ठाणे मुंबई नाशिक धुळे जळगाव नगर पुणे सातारा..." आणि संपली. "सांगली राह्यलं!" ती हळहळली. स्वतःचा जिल्हा राहिला म्हणून तिला फार वाईट वाटलं.

"आता तुमी म्हना."

मी म्हटलं. रायगडच्या पुढे गेले नाही. रुबिनाने मला बसायला स्टूल दिलं.

"भराभर बोलताना अकरा जिल्हे," मी म्हणाले. "गाताना सूर लांबतो, म्हणजे निम्म्यावर येणार. पाच जिल्ह्यांएवढी ओळ, मग श्वास, मग पुन्हा पाच." मी फळ्यावर लिहिलं: 'निळं निळं आभाळ'. जागा सोडली. पुढे लिहिलं: 'त्यात मी उडते'.

तिने म्हणून पाहिलं. पहिला तुकडा मोकळा गेला. दुसऱ्यात 'उडते'वर आवाज वर नेताना तिची मान ताणली गेली, भुवया वर गेल्या, आणि आवाज मात्र खालीच राहिला.

"हितं तोंड मिटतंय," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"'ते' म्हनताना तोंड असं व्हतं." तिने ओठ दोन्हीकडे ताणून दाखवले. "'मी'ला तर पार दात दिसत्यात. वरडायचं तर तोंड उघडं पायजे. आमची अम्मी आमाला गल्लीतून हाक मारती तर 'रुबिनाऽ' म्हनती. रुबिनीऽ कोन म्हनंल?"

बारा वर्षं मी गाणं शिकले होते. दोन गुरू झाले. माझ्या घशातल्या गाठी त्या 'मी'मुळे झाल्या होत्या की काय, हे मला डॉक्टरही सांगू शकणार नाहीत. पण ती ओळ एका श्वासात यावी म्हणून दोन वर्षं रोज रियाजात मी मिटलेल्या तोंडाने ओरडत होते, एवढं त्या क्षणी मला समजलं.

"शेवटी 'आ' हवा," मी म्हणाले.

"व्हय."

"पाखरं ठेवायची?"

"पाखरं पायजेतच. नाचातल्या पोरींनी पंख लावलेत."

मी लिहिलं: 'पाखरांनो, जागा द्या'. पुसलं. 'पाखरांनो, या घरा'. रुबिनाने नाक मुरडलं. "आपन वर चाललोय, त्यांना घरात कशाला बोलवायचं?" मी तेही पुसलं.

"थवा हाय ना ताई? थव्यात आधीच गर्दी असनार," ती म्हणाली. "येस्टीत काय म्हनत्यात? सरा जरा. तसं म्हनायचं."

"'पाखरांनो, सरा जरा'," मी म्हणाले.

तिने म्हटलं. आधी हळू, मग चालीत. 'निळं निळं आभाळ', श्वास, 'पाखरांनो, सरा जराऽऽ'. शेवटच्या 'रा'वर तिचं तोंड चांगलं मोठं उघडलं आणि आवाज वर गेला आणि आठही मात्रा तिथेच राहिला. पडलेल्या दाताची फट दिसली. नकाशाची काठी भिंतीवर किंचित वाजली, ती वाऱ्याने वाजली असणार.

दारात साळुंखे गुरुजी उभे होते. काखेत पेटी. "हे काय चाललंय?"

"ओळ दुरुस्त केली, गुरुजी!" रुबिना म्हणाली.

"ओळ?" गुरुजींनी फळा वाचला. "कवीचे शब्द बदलले? तेही वीस मिनिटं राहिली असताना?"

"पूर्ण कडवं तीच म्हणणार आहे," मी कुजबुजले.

"आणि तुम्ही?"

रुबिनाने माझ्याकडे पाहिलं. सांगू नकोस असं मी तिला बजावलेलं होतं, त्यामुळे ती तोंड घट्ट मिटून उभी राहिली. इतकी घट्ट, की कुणालाही कळलं असतं.

"मी शेजारी उभी राहीन," मी म्हणाले.

गुरुजींनी पेटी खाली ठेवली. "पण या ओळीत मधे रिकामी जागा आहे. तिथं मी काय करू?"

"वाजवा."

"काय वाजवू?"

"तिला श्वास घ्यायला जेवढा वेळ लागतो तेवढं," मी म्हणाले.

गुरुजींनी दोनदा वाजवून पाहिलं. दुसऱ्यांदा त्यांनी तिथे तीन सुरांची छोटी जागा घेतली आणि स्वतःच मान हलवली. "बरं दिसतंय," ते नाइलाजाने म्हणाले.

तीन वाजता म्हणजे सव्वाचार वाजता आमचा नंबर आला. त्याआधी जंगम सरांनी अहवाल वाचला. अहवालात शाळेला मिळालेल्या नव्या घंटेवर एक संपूर्ण परिच्छेद होता. मग मला शाल दिली, आणखी एक नारळ दिला. मग पंख लावलेल्या बारा मुली येऊन उभ्या राहिल्या आणि रुबिना माइकजवळ गेली. मी तिच्या शेजारी. मंडपात शिट्ट्या झाल्या. त्या माझ्यासाठी होत्या.

रुबिनाने सुरू केलं: 'गच्चीवर ये ना, मांजा जरा दे ना'. लोकांनी टाळ्यांचा ठेका धरला. कडवं जवळ आलं. सगळे माझ्याकडे बघू लागले. जंगम सर बाजूच्या पडद्यामागून मला हाताने पुढे व्हा, पुढे व्हा, असं करत होते. मी पुढे झाले नाही.

'निळं निळं आभाळ', रुबिना म्हणाली. गुरुजींनी तीन सूर वाजवले. तिच्या खांद्यांवरून मला तिचा श्वास भरताना दिसला.

'पाखरांनो, सरा जराऽऽ'.

टाळ्यांचा ठेका थांबला. लोक नुसते ऐकत होते. दोन वर्षं मी ही ओळ लोकांकडून म्हणवून घेतली होती. त्यांनी ती स्टेजवरून पहिल्यांदाच ऐकली. मीसुद्धा. आणि खरं सांगायचं तर मला मत्सर वाटला नाही, हे बघून मलाच नवल वाटलं. मला एवढंच वाटत होतं, की 'पाखरांनो'तला 'नो' अजून थोडा आखूड पाहिजे होता.

मग सगळा मंडप उठला. आणि जंगम सरांना राहवलं नाही. ते पडद्यामागून धावत आले, त्यांनी रुबिनाच्या पुढ्यातला माइक काढून घेतला. "वा! वा! आणि आता, रसिकहो, दुसरं कडवं! स्वतः वेदाताई!"

गाण्याला दुसरं कडवं होतं आणि त्यातही तसलीच लांब ओळ होती. भूगोलाच्या खोलीत आम्ही दोघी ते साफ विसरलो होतो.

माइक माझ्या हातात आला. आठशे माणसं. युक्ती हाताशीच होती: माइक पुढे धरायचा, "म्हणा!" म्हणायचं. मी माइक पुढे धरला. तोंड उघडलं. भोंग्यातून हवा गेल्याचा आवाज मंडपभर झाला. पुढच्या रांगेतली दोन मुलं हसली. रुबिना हसली नाही. ती माझ्याकडे बघत होती, दुपारी जिल्हे म्हणताना मी रायगडला थांबले तेव्हा बघत होती तशी.

मी माइक ओठांना टेकवला, म्हणजे कुजबूजसुद्धा ऐकू जाईल.

"माझा आवाज गेलाय," मी म्हणाले. "घशात गाठी आहेत. परत येईल की नाही ते माहीत नाही. आणि ती ओळ मला कधीच एका श्वासात आली नव्हती."

जंगम सरांचा हात हवेत राहिला. पाडव्याची कॅसेट, काळा चष्मा, वेदा हे नाव, सगळं त्या तीन वाक्यांत संपलं, हे मला कळत होतं. शहासाहेबांना ते दुसऱ्या दिवशी कळलं. आवाज नंतर आला तो भाजीवाल्याशी भांडण्यापुरता. गाण्यापुरता आला नाही. पुढची सव्वीस वर्षं मी दुसऱ्यांसाठी ओळी लिहिल्या. कुणी मोठा गायक नव्या गाण्यासाठी घरी आला, की मी त्याला आधी जिल्हे म्हणायला लावायचे. काही जण रागावून उठून गेले. पण हे सगळं नंतरचं. त्या क्षणी मी स्टेजवर उभी होते, पुढे काय करायचं ते मला माहीत नव्हतं, आणि मागच्या बाकावरून एका आजोबांनी मोठ्याने विचारलं,

"अवो, मग दुसरं कडवं म्हननार कोन?"

रुबिनाने माझ्या हातातला माइक घेतला. तो तिने तळहाताने गच्च झाकला.

"गुरुजी," ती मागे बघून म्हणाली, "तुमी तेवढं वाजवत ऱ्हावा."

मग ती टाचा उंचावून उभी राहिली, एक वेणी मागे टाकली आणि आपला कान माझ्या तोंडाजवळ आणला.